शब्दाशेजारी कोण बसलंय

निमसे सर खुर्चीत बसलेले मला आठवतच नाहीत. शिक्षकखोलीत त्यांच्या नावाची एक खुर्ची होती, पण तिच्यावर नकाशांच्या गुंडाळ्या पडलेल्या असत. चहा ते खिडकीशी उभे राहून पीत आणि अर्धा तसाच ठेवून निघत. बोलताना एक डोळा तुमच्याकडे, एक फाटकाकडे. जणू कुणीतरी यायचं आहे, आणि ते आलं की यांना लगेच निघायचं आहे. सर मूळचे भिंगारचे, नगरच्या लष्कराला लागून असलेल्या गावचे. त्यामुळे मुलांनी ठेवलेलं नाव चपखल बसलं होतं: भिंगारची भिंगरी.

एकाहत्तरच्या जूनमध्ये मी त्या शाळेत विज्ञान शिकवायला रुजू झाले. नगर आणि पारनेर यांच्या मधलं गाव, पत्र्याची शाळा, चहूकडे उघडा माळ. मी नगर शहरात वाढलेली, वडील कचेरीत कारकून. पहिल्याच दिवशी मधल्या सुट्टीत एक उंच, काटकुळे, खडूनं कोपरं पांढरी झालेले गृहस्थ माझ्यासमोर येऊन उभे राहिले आणि नाव-गाव न विचारता म्हणाले,

"बाई, 'फास्ट' म्हणजे काय?"

"वेगानं," मी म्हटलं.

"आणि एकादशीला करता ते?"

"उपास. तोही फास्ट."

"आणि दोर घट्ट आवळला, जराही हलत नाही, तर?"

मी दोराचा विचार करू लागले.

"तोही फास्टच! पळतो तोही फास्ट आणि जागचा हलत नाही तोही फास्ट. आता सांगा, माणसाला झोप कशी लागावी?"

उत्तराची वाट न बघता ते निघूनही गेले.

सर इंग्रजी शिकवत. त्या वेळच्या पुस्तकात 'हा दगड आहे, ती गाय आहे' अशी सरळसोट वाक्यं असायची. सर ती भराभरा उरकत आणि मग बाकांमधून फेऱ्या मारत त्यांचं खरं काम सुरू होई. एका पोराच्या खांद्यावर ज्वारीचं पोतं द्यायचे आणि दुसऱ्याला दाराशी नुसतं उभं करायचे. "हा दाराशी थांबून काय करतोय? वेट. आणि ह्याच्या खांद्यावर काय आहे? वेट. कानाला दोन्ही सारखंच. मग ओळखायचं कसं?" आणि वर्ग एका सुरात ओरडे, "शेजारी कोण बसलंय ते बघून!" हे त्यांचं ठरलेलं वाक्य होतं. शब्दाच्या तोंडाकडे बघून भुलू नका, शब्दाशेजारी कोण बसलंय ते बघा. माझा शेजारचा वर्ग. त्या आरोळीनं माझ्या परीक्षानळ्या थरथरायच्या.

हे वेड लागलं कसं, ते त्यांनीच एकदा सांगितलं. त्यांचे वडील लष्करातल्या साहेबांच्या बंगल्यांवर दुधाचा रतीब घालत. सर तेव्हा लहान, वडिलांच्या मागे किटली घेऊन जायचे. एका सकाळी गोरा साहेब व्हरांड्यात दाढी करत होता. हे त्याच्या आरशाकडे टक लावून बघत राहिले, तसा तो खेकसला, "हॉप इट!"

"हॉप म्हणजे लंगडी, एवढं मला येत होतं," सर म्हणाले. "साहेबाचा हुकूम! मी किटली धरून लंगडी घालत निघालो. फाटकापर्यंत. दूध सांडलं, साहेब हसून हसून लाल झाला, त्यानं बायकोला बाहेर बोलावलं. मला वाटलं, माझी लंगडी आवडली. घरी जाऊन मोठ्या तोऱ्यात सांगितलं. पुढं कितीतरी वर्षांनी कळलं, हॉप इट म्हणजे चालता हो."

मी हसले. ते हसले नाहीत. "लोक हसतात ते कशाला हसतात, हे न कळणं फार वाईट असतं, बाई," एवढं म्हणाले आणि खिडकीशी जाऊन उभे राहिले.

ह्या वेडापायी त्यांच्यावर तक्रारीही येत. आठवीला त्यांनी एकदा शिकवलं की 'बादलीला लाथ मारणं' म्हणजे इंग्रजीत मरणं. दुसऱ्या दिवशी पहाटे एका मुलाच्या आजोबांचा पाय गोठ्यात बादलीला लागला. पोरगं टाळ्या पिटत गल्लीत धावलं, "आजा मेला! आजा इंग्रजीत मेला!" आया-बाया गोळा झाल्या. म्हातारा काठी आपटत शाळेत आला. हेडमास्तर घाबरून दारातच हात जोडून उभे. सर मात्र पुढे झाले, म्हाताऱ्याला स्वतःच्या खुर्चीतल्या नकाशांवरच बसवलं आणि शांतपणे सगळं समजावलं. म्हातारा ऐकत राहिला. मग म्हणाला,

"त्यात इंग्रजीचं काय कवतिक? आपल्यात न्हाई का? बाजारात माल खपतो, रानात मानूस खपतो आन् येक दिस म्हातारं बी खपतं."

सर जागच्या जागी गर्रकन फिरले. "खपतो! तिन्ही ठिकाणी खपतो! आजोबा, पुन्हा बोला!" म्हातारा भांडायला आला होता तो चहा पिऊन गेला. सर दिवसभर त्या एका शब्दाभोवती फिरत होते.

त्या वर्षाच्या शेवटी युद्ध सुरू झालं. आमच्या त्या पट्ट्यात घरटी एक नाही तरी गल्लीआड एक पोरगा पलटणीत. नगरला खिडक्यांना काळे कागद लागले. गावात रेडिओ असलेल्या घरांपुढे माणसं उकिडवी बसू लागली. सरांची तगमग वाढली. तास संपायच्या आधीच ते दाराशी यायचे आणि फाटकाकडे बघायचे. तार आली की ती वाचून घ्यायला माणसं शाळेकडे येत आणि ती सरांनाच वाचावी लागे. पोस्टमनची सायकल वळणावर दिसली की त्यांचा चेहरा उतरायचा.

पण माळवाडीची तार वाचून घ्यायला आमच्याकडे आली नाही. युद्ध थांबून काही दिवस झाले होते. दुपारी माळवाडीचे केरूआबा शाळेत आले, धोतराच्या सोग्यात गूळ-शेंगदाणे बांधून. त्यांचा भानुदास आमच्याच शाळेतून शिकून सैन्यात गेलेला.

"घ्या गुरुजी, त्वांड ग्वाड करा," आबांनी सगळ्यांच्या हातावर गूळ ठेवला. "भानुदासाची तार आली. आमच्या पुतन्यानं वाचली, बबननं. नगरला कालेजात हाय त्यो. समद्यांना नमस्कार कळवलाय म्हनं, आन् लढाईत बी घरची आठवन काढतोय म्हनं."

सरांच्या हातातला गूळ तसाच राहिला. "तार आहे का जवळ?"

आबांनी पटक्याच्या घडीतून कागद काढून दिला. सरांनी वाचला. पुन्हा वाचला. मग नीट घडी घालून परत दिला आणि म्हणाले, "मी संध्याकाळी घरी येतो, आबा."

"या की! जेवायलाच या," म्हणत आबा गेले.

सर शिक्षकखोलीतल्या टेबलाभोवती फिरू लागले. एक फेरी, दुसरी, तिसरी. हेडमास्तरांनी दरडावून थांबवलं तेव्हा सांगितलं. तारेत पहिला शब्द 'रिग्रेट' होता, म्हणजे 'कळवायला खेद होतो'. बबननं तो 'रिगार्ड' वाचला आणि त्याचा नमस्कार केला. पुढे होतं 'मिसिंग इन ॲक्शन'. त्याची त्यानं आठवण केली. भानुदास लढाईत बेपत्ता झाला होता.

"निमसे, आता तुम्ही यात पडू नका," हेडमास्तर हलक्या आवाजात म्हणाले. "सरकार काय कळवायचं ते कळवील. चार दिवस सुखात आहेत, राहू द्या."

"त्यांच्या घरात चुकीचा शब्द जाऊन बसलाय, सर. त्याला ते गूळ खाऊ घालतायत."

मग ते माझ्याकडे वळले. "बाई, तुम्ही याल का? त्या घरात त्याची आई आहे, बायको आहे. मी एकटा गेलो तर मला शब्द सापडायचा नाही."

माळवाडी शाळेपासून कोसभर. सरांनी सायकल हातात धरली होती. ते दहा पावलं पुढे जात आणि पुन्हा मागे येत.

"काय म्हणायचं, सांगा. हरवला? हरवतं ते पोर, जत्रेत. गहाळ? ती वस्तू. बेपत्ता म्हटलं तर पोलिसांचा शब्द, काहीतरी करून पळाल्यासारखा. चुकला? मग चूक त्याची झाली." थोडं चालून पुन्हा थांबले. "बबनला तरी काय बोलायचं? साहेबाच्या भाषेत आठवण यायला आणि माणूस नाहीसा व्हायला एकच शब्द. त्यानं शेजारी बघितलं नाही, एवढंच. पण त्याला शेजारी बघावंसं वाटलंच नसेल. आपल्यालाही वाटलं नसतं."

आम्ही पोचलो तेव्हा दिवस कलत होता. भागूबाईंनी, भानुदासाच्या आईनं, ओसरीवर घोंगडी अंथरली. सून मंदा पाण्याचा तांब्या ठेवून दाराच्या चौकटीशी उभी राहिली. बबन आतून हसत बाहेर आला. सर घोंगडीवर बसले नाहीत. उभ्यानंच, आबांच्या डोळ्यांत बघून म्हणाले,

"आबा, तारेचा अर्थ वेगळा आहे. भानुदास त्याच्या माणसांना दिसत नाही. कुठं आहे ते त्यांना ठाऊक नाही. मेलाय असं तार म्हणत नाही. पण आहे, असंही म्हणत नाही."

बबनच्या चेहऱ्यावरचं हसू निघायला थोडा वेळ लागला.

"मंग आठवन काढतोय त्ये?" भागूबाईंनी विचारलं.

"ते तारेत नाही, मावशी."

"तारंत नसंल. पन त्यो काढत असंल का न्हाई?"

वाटभर जमवलेल्या शब्दांपैकी एकही सरांच्या उपयोगी पडला नाही.

आबा उठले. "दोन दिस घरात ग्वाड खाल्लं, त्ये तुमाला बघवलं न्हाई व्हय गुरुजी? जा आता. पुन्यांदा या वाटंला येऊ नगा."

आम्ही वळलो. गोठ्याच्या आडोशाला मंदा मागून आली. माझ्याकडे बघून बोलली, पण ते सरांसाठी होतं. "बरं केलंत. मला तवाच वाटलं हुतं. आठवन येती म्हनून तार करनारा गडी न्हाई त्यो. पत्रात बी कधी लिवलं न्हाई." एवढं बोलून पदर तोंडाशी धरून ती परत गेली.

सर त्या वाटेला पुन्हा गेले. एकदा नव्हे, वर्षभर. शनिवारी शाळा अर्धी असायची. घंटा झाली की ते सायकलवर टांग टाकत आणि नगरच्या सैनिकांच्या कचेरीत जात. अर्ज लिहीत, लिहिलेला अर्ज कुठवर पोचला ते विचारत, आणि येताना माळवाडीवरून येत. आबा तोंड फिरवून बसत. सर दारातूनच सांगत, "अजून काही नाही." आणि वळत.

ते दुष्काळाचं वर्ष. विहिरी खडखडीत, माळावर खडी फोडायची कामं. मंदा तिथं जायला लागली. सर वाटेत थांबून तिलाही तेच सांगत: अजून काही नाही. तेवढ्यावरून गावात कुजबूज सुरू झाली. पारावर कुणीतरी म्हणालं, मास्तराची सायकल बघा बरोब्बर खडीपाशी पंक्चर होती. हेडमास्तरांनी सरांना बोलावून घेतलं. बाहेर आले तेव्हा सर रागानं पांढरे पडले होते.

"पंक्चर!" ते मला म्हणाले. "साध्या शब्दात केवढी घाण भरता येते, बघा."

पण जाणं थांबवलं नाही. पुढच्या शनिवारपासून त्यांनी बबनला सोबत घेतलं. बबन त्या संध्याकाळपासून कॉलेजला गेलाच नव्हता. इंग्रजीचं पुस्तक त्यानं चुलीत घातलं, असं ऐकलं होतं. सरांनी त्याला एका शब्दानंही बोल लावला नाही. सायकलच्या मागे बसवायचे आणि जाता-येता काहीबाही विचारत राहायचे. दुकानाच्या पाट्या, ट्रकच्या मागची अक्षरं, कचेरीतल्या फळ्यावरच्या सूचना. सुरुवातीला बबन गप्प राही. पुढे पुढे परतताना तोच बोलू लागला. जूनमध्ये त्यानं पुन्हा कॉलेजात नाव घातलं.

बहात्तर सरता सरता युद्धकैदी परत येऊ लागले. रेडिओवर बातमी आली त्या दिवशी सरांनी शाळेत शिकवलंच नाही, नुसते व्हरांड्याच्या ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत राहिले. पुढच्या पंचक्रोशीतला एक जण आला. भानुदास आला नाही. आलेल्याकडे सर आणि बबन जाऊन आले. त्यानं भानुदासाला पाहिलं नव्हतं.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात सरकारी पत्र आलं. ह्या वेळी ते बबननं वाचलं, बरोबर वाचलं, आणि भर उन्हात सरांकडे पळत आला. मी तेव्हा सरांच्या घरी त्यांच्या पत्नीला भेटायला गेले होते. सरांनी पत्र पाहिलं आणि मला म्हणाले, "चला." तिघेही निघालो. वाटेत सर एकच शब्द बोलले, "प्रिझ्यूम्ड." म्हणजे मृत म्हणून गृहीत धरलेला.

ओसरीवर आबा होते. दीड वर्षांत त्यांनी सरांशी एक अक्षर काढलं नव्हतं. सरांना बघून ते आज उठून उभे राहिले. मंदा आतून आली. भागूबाई जात्यापाशी होत्या, तिथूनच त्यांनी मान वर केली.

"पत्र आलंय, आबा," सर म्हणाले. "इतके दिवस पत्ता लागला नाही, म्हणून सरकारनं आता धरलंय की भानुदास..."

"धरलाय?" भागूबाई एकदम उठल्या. हाताचं पीठ लुगड्याला पुसत बाहेर आल्या. "धरलाय व्हय? मंग जिता हाय! अवो, ऐकलं का? धरलाय त्येला! धरल्यालं मानूस कदी ना कदी सुटतंच!"

मी सरांकडे पाहिलं. त्यांचा हात वर आला होता, फळ्यासमोर चूक दाखवताना यायचा तसा. ते काही बोलणार, तेवढ्यात आबांनी तो हात धरून खाली घेतला.

"ऱ्हाऊ द्या, गुरुजी," आबा अगदी खालच्या आवाजात म्हणाले. "मला कळलं. तिला ऱ्हाऊ द्या."

सर आबांकडे बघत राहिले. मग त्यांनी मंदाकडे पाहिलं. तिनं मान हलवली आणि आत गेली. आत भांडं पडल्याचा आवाज झाला. भागूबाई शेजारणीला हाक मारायला कुंपणाकडे गेल्या होत्या.

पुढचं सगळं सरांनी केलं. मंदाचे पेन्शनचे कागद, सही करण्यापुरती तिची अक्षरओळख, मग नगरला दाईच्या शिक्षणासाठी तिची सोय. आबा प्रत्येक वेळी स्वतः तिला पोचवायला येत. लोक बोलायचे ते बोललेच. आबांनी एकदा पारावर काठी आपटून विचारलं, कुनाला काय म्हनायचंय? तेव्हा बंद झाले. भागूबाईंच्या समोर मात्र घरात कुणी कधी पत्राचा खरा अर्थ उलगडला नाही. सरही त्या घरात जपून बोलत. कधी कधी वाक्य मध्येच सोडून देत.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात संस्थेनं त्यांची बदली राहात्याला केली. जायच्या आदल्या दिवशी माळवाडीला निरोप घ्यायला गेले, मी बरोबर होते. आबांनी नारळ दिला. दोघेही गोठ्यातल्या वासराकडे बघत उभे होते. निघताना भागूबाई अंगणाच्या कडेपर्यंत आल्या. आता त्यांना नीट दिसत नव्हतं. सरांच्या बाहीला हात लावून म्हणाल्या,

"ऱ्हात्याला चाललाव म्हनं. लई मोठा बाजार भरतो तितं, चहूकडनं मानसं येत्यात. भानुदास दिसला तर सांगा, आई वाट बगती."

सर थांबले.

"सांगतो, मावशी," ते म्हणाले.

मग त्यांनी सायकल घेतली. टांग मारली नाही. मला यायचं आहे, हेही त्यांच्या ध्यानात राहिलं नव्हतं. एरवी धावल्यासारखा चालणारा तो माणूस उघड्या माळावरून सायकल हातात धरून एक एक पाऊल टाकत गेला. मी भागूबाईंजवळ उभी राहून बघत होते. त्या विचारत होत्या, "ग्येले का गं गुरुजी?" आणि मी म्हणत होते, "नाही, अजून दिसतायत."